लेड हा शब्द एकटा पाठ करू नकोस
अरे शिसंवालं लेड नव्हे, हे इंग्रजीतलं lade, माल भरायचं जुनं क्रियापद आहे, एकटं पाठ करू नकोस, सगळा गोतावळा बघ. जुन्या इंग्रजीत याचे दोन अर्थ, माल चढवणं आणि पाणी उपसणं, आणि त्या उपसण्यातूनच लेडल आला म्हणजे आपला वरण वाढायचा डाव, मला हे कळलं तेव्हा जाम भारी वाटलेलं! आज ट्रक भरायला लोडच वापर. पण फळांनी लगडलेल्या झाडाला लेडन (laden, याच लेडचं रूप) अजून शोभतं. आणि जहाजावर माल दिल्याचा कागद बिल ऑफ लेडिंगच, तिथे लोडिंग लिहू नकोस प्लीज. लोड मुळात वेगळाच शब्द, अर्थ वाट किंवा वाहून नेणं, लेडच्या संगतीने त्याला ओझ्याचा अर्थ चिकटला.