जागेवर बसून काढ

पोरी,

पत्र मिळालं, एआयच्या यंत्राकडून काढून घेतलेली चित्रंही बघितली. ‘चार वाक्यं टाकली की मिनिटात असलं होतंय सर, मग मी कशाला घासत बसू?’ असं विचारतेस. धीर धर, सगळं ठीक होईल असलं काही लिहीत नाही. आधी ते घाटाचं चित्र नीट बघ.

पंचगंगेचा घाट म्हणून यंत्रानं काशी दिलीय तुला! बांबूच्या छत्र्या, होड्यांची रांग. आपल्या कोल्हापूरच्या घाटावर असल्या छत्र्या कुठल्या? ही यंत्रं इंटरनेटवरच्या चित्रांवर शिकतात. त्यांना शिकवायला केलेल्या लायॉन-5बी या एकाच संचात 585 कोटी चित्रांचे दुवे आणि वर्णनं होती. त्यात घाट म्हटला की काशीचाच भरणा असणार, मग तोच पुढं येणार. पूर ओसरल्यावर आपल्या काळ्या दगडावर गाळाची पिवळट रेघ राहते, कोनाड्यात जलपर्णी अडकून वाळते. ते दिसायला तिथं जावं लागतं. जागेवर बसून काढ.

आबालाल रहिमान मुंबईच्या जेजे कलाशाळेत शिकले, शाहू महाराजांच्या दरबारचे चित्रकार झाले, तरी इथल्या कोटितीर्थ तळ्याचं पाणी पुन्हा पुन्हा रंगवत राहिले. तेच पाणी! आणि तू दोन रविवार रंकाळ्यावर बसलीस की कंटाळतेस.

बाबूराव पेंटरांनीही यंत्रच धरलं, असं लिहितेस. अगं, नाटकाचे पडदे रंगवून नजर तयार झालेल्या माणसानं स्वतः खटपट करून सिनेमाचा कॅमेरा बनवला, 1918च्या सुमारास. तू वर्गणी भरून बटण दाबतेस. उगाच त्यांचं नाव घेऊ नको.

फ्लेक्स आला तेव्हा बोर्ड रंगवणारे एकेक करून ब्रश ठेवून बसले. मला छपाईत भागीदारी मिळत होती, घेतली नाही. पोराच्या फीला बायकोच्या पाटल्या मोडल्या, ते अजून सलतं. घरात हट्टी म्हणतात. म्हणू देत. महाद्वार रोडवर माझ्या हातची एक पाटी अजून आहे, तिच्या वेलांट्या बघून ये आणि मग मला शहाणपण शिकव.

रंगसंगती चाचपायला यंत्र वापरलंस तर माझं काही म्हणणं नाही. पण ते आधी नको. आधी जागेवर बसून काढ, वाईट काढ, पण तिथं बसून काढ.

रविवारी सहाला घाटावर ये. रंग माझे घे, कागद मात्र तुझा आण, हँडमेड फार महाग झालाय.

— तुझा सर