हेगचा हट्ट नेमका कोणाचा?

महोदय, सादर नमस्कार.

मुलीने बारावीनंतर कायदा शिकून 'हेगच्या न्यायालयात न्यायाधीश' व्हावे, यासाठी आपण तिला फ्रेंचची शिकवणी लावली आहे आणि पुढे नेदरलँड्समधील एलएलएमसाठी (कायद्याच्या पदव्युत्तर पदवीसाठी) शेतजमीन तारण ठेवण्याचीही तयारी केली आहे. तिला मात्र सुटीत जिल्हा न्यायालयात बसून उलटतपासणी ऐकायला आवडते, हे आपण पत्राच्या शेवटी, तेही तक्रारीच्या सुरात लिहिता. चिंता तिच्या ६८ टक्के गुणांची नाही. तिची बाजू न ऐकताच आपण निकाल देऊन मोकळे झालात, याची आहे.

शिवाय तो निकाल गैरसमजावर उभा आहे. ज्या कुलभूषण जाधव प्रकरणाचा आपण दाखला देता, ते आंतरराष्ट्रीय न्यायालयापुढे चालले. तेथे पक्षकार राष्ट्रे असतात. २०१९ चा तो निकाल भारत विरुद्ध पाकिस्तान असा होता. नरसंहार, युद्धगुन्हे यांसाठी व्यक्तींवर खटले चालवणारे आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालय हेगमध्येच असले, तरी ते निराळे आहे. १९९८ च्या ज्या रोम करारातून ते उभे राहिले, त्याच्या मतदानात भारत तटस्थ होता आणि आजही आपला देश त्याचा सदस्य नाही. न्यायाधीश सदस्यराष्ट्राचाच नागरिक असावा लागतो. त्यामुळे आजच्या घडीला भारतीय नागरिकाला ती खुर्ची बंदच आहे. तेथे बाजू मांडू शकणाऱ्या वकिलांच्या यादीला राष्ट्रीयत्वाची अट नाही, इंग्रजीही चालते. मात्र किमान दहा वर्षांचा अनुभव लागतो, आणि फौजदारी खटल्यांत काम केलेले असावे लागते.

आणि तो अनुभव आपली मुलगी जिथे जाऊन बसते तिथेच मिळतो. काँगोचा बंडखोर नेता थॉमस लुबांगा याच्यावरील, या फौजदारी न्यायालयाच्या पहिल्याच खटल्यात, जानेवारी २००९ मध्ये, बालसैनिक म्हणून उभा केलेला पहिला साक्षीदार त्याच दिवशी साक्षीवरून फिरला. मध्यस्थांमार्फत आणलेल्या अशा अनेक साक्षी न्यायाधीशांनी २०१२ च्या निकालात विश्वासार्ह मानल्या नाहीत. दोष सिद्ध झाला तो चित्रफिती आणि इतर साक्षीपुराव्यांच्या बळावर. फितूर साक्षीदार कसा हाताळावा, हे कोणत्याही एलएलएमच्या वर्गापेक्षा आपल्या सत्र न्यायालयात लवकर कळते.

प्रवेशासाठी राज्याची विधी सीईटी आणि राष्ट्रीय विधी विद्यापीठांची प्रवेश परीक्षा क्लॅट, दोन्ही द्याव्यात. वकिलीची सनद मिळाल्यावर तिने फौजदारी काम करणाऱ्या वरिष्ठ वकिलांच्या हाताखाली काही वर्षे काढावीत. एलएलएमचा विचार त्यानंतर, आणि तोही शिष्यवृत्ती मिळाली तर. जमिनीला हात लावू नका. फ्रेंच तिला आवडत असेल तरच चालू ठेवा.