ड्रिलच्या चार्जरचा फ्यूज बदलला की परत उडतो, बोर्डात नेमकं काय बघायचं?

तुमच्या १८ व्होल्टच्या कॉर्डलेस ड्रिलचा चार्जर डेड आहे, फ्यूज बदलला तर प्लग लावल्याबरोबर तोही उडाला, बरोबर? मग आता अजून एक फ्यूज घालून बघू नका, आणि तिथे तार तर मुळीच लावू नका (हा उद्योग आपल्याकडे जोरात चालतो). फ्यूज उडतोय म्हणजे पुढे शॉर्ट आहे, आणि तो बहुतेक २३० च्या बाजूलाच सापडतो.

बोर्ड उलटा करा, मधे कॉपर नसलेला एक पट्टा दिसेल, काही बोर्डांना तिथे चीरच दिलेली असते, आणि त्याच्यावर आडवे बसलेले फक्त ट्रान्सफॉर्मर, ऑप्टो (म्हणजे ऑप्टोकपलर, प्रकाशाने सिग्नल पलीकडे पोचवणारी छोटी आयसी) नि एखादा निळा कपॅसिटर. पट्ट्याच्या अलीकडे मेन्स (२३० व्होल्टची बाजू), पलीकडे बॅटरी. मेन्सकडच्या मोठ्या कपॅसिटरवर ३२५ व्होल्टच्या आसपास डीसी असतं आणि प्लग काढल्यावरही ते टिकू शकतं, त्यामुळे हात लावायच्या आधी मोजा, असेलच तर १० किलोओहम ५ वॉटचा रेझिस्टर इन्सुलेटेड पकडीत धरून उतरवा आणि परत मोजा.

मग मीटर बीपवर टाकून ब्रिजचे (एसीचं डीसी करणारे) डायोड बघा आणि मॉसफेटचे, म्हणजे स्विचिंग करणाऱ्या ट्रान्झिस्टरचे, ड्रेन-सोर्स हे दोन पाय. मॉसफेट शॉर्ट निघाला तर नुसता तोच बदलून मोकळे होऊ नका, त्याच्या सोर्सला एक-दोन ओहमचा किंवा त्याहून कमी रेझिस्टर असतो तो सोबत जातो, कधी कंट्रोलर आयसी पण जाते, मग नवा मॉसफेट लगेच बळी. जोडून झालं की पहिल्यांदा ६० वॉटचा जुना पिवळा बल्ब सिरीजमधे टाकूनच सप्लाय द्या, एलईडी चालणार नाही. क्षणभर पेटून विझला तर ठीक, फुल पेटून राहिला तर शॉर्ट अजून आहे.

आणि हो, चार्जर कुणी अमेरिकेहून आणलेला नाही ना? मागे इनपुट नुसतं १२० व्होल्ट लिहिलेलं असेल तर आत कपॅसिटर २०० व्होल्टचा असतो, आपल्या लाईटवर तो फुगणार नाहीतर फुटणारच, तो रिपेअर करत बसण्यात अर्थ नाही, इथला घ्या.

पुढे चार्जर चालू होऊन बॅटरी लावली की लाल ब्लिंक करायला लागला तर बोर्डाला दोष देण्याआधी पॅकची थर्मिस्टरची (तापमान मोजणाऱ्या सेन्सरची) पिन बघा, पावसाळ्यात आपल्या मुंबईत त्या पिनांवर हिरवट थर हमखास चढतो.

पार्ट मुंबईत लॅमिंग्टन रोडच्या इलेक्ट्रॉनिक्स मार्केटला मिळतील, नंबर सांगण्यापेक्षा जुना पार्टच खिशात टाकून न्या, आणि कपॅसिटर १०५ डिग्रीवालाच (१०५ अंश सेल्सिअसपर्यंतची गरमी सोसणारा) मागा. रविवारी नका जाऊ, बरीच दुकानं बंद असतात.