डंक नंतर बघ, आधी टिम डंकन बघ
बास्केटबॉल नुकतंच सुरू केलंयस ना? मग डंकचे, म्हणजे उडी मारून बॉल थेट रिंगमध्ये कोंबण्याचे, व्हिडिओ थोडे दिवस बाजूला ठेव आणि टिम डंकनचे जुने सामने काढ. हा गडी मुळात पोहणारा. १९८९ च्या ह्यूगो वादळात कॅरिबियनमधल्या सेंट क्रॉई बेटावरचा पोहण्याचा तलाव उद्ध्वस्त झाला आणि तो नववीत बास्केटबॉलकडे वळला. त्यामुळे ‘मला उशीर झाला’ हे रडगाणं माझ्यापुढे गाऊ नकोस. १९९७ मध्ये एनबीए या अमेरिकेतल्या व्यावसायिक लीगच्या ड्राफ्टमध्ये, म्हणजे संघ नवे खेळाडू निवडतात तिथे, पहिली निवड त्याचीच झाली.

बघताना नजर बॉलवर नको, त्याच्या पायांवर ठेव. बास्केटच्या डाव्या बाजूला, साधारण ४५ अंशांत उभा. वळतो, एक छोटी हूल देतो, आणि बॉल बोर्डावरच्या चौकोनाच्या वरच्या कोपऱ्याला लागून आत. दिसायला कंटाळवाणं, मान्य! पण याच जोरावर १९ हंगाम, सगळे सॅन अँटोनियो स्पर्स या संघाकडूनच, आणि ५ अजिंक्यपदं. तू रोज दोन्ही बाजूंनी हाच शॉट मार, आधी हूल न देता.

फ्री थ्रोसाठी, म्हणजे फाउलनंतर मिळणाऱ्या मोकळ्या शॉटसाठी, मात्र दुसरा गुरू शोध. तिथे त्याची कारकिर्दीची सरासरी ७० टक्क्यांच्या किंचित खालीच आहे.