बीकॉम सोडून पटकथा लिहायला मुंबईला जाऊ का?

नमस्कार ताई, पत्र मिळालं. मुलगा बीकॉमच्या दुसऱ्या वर्षाला, रात्र रात्र सबटायटल लावून जपानी सिनेमे बघतो, गादीखाली पटकथेची वही सापडली आणि आता म्हणतो शिनोबू हाशिमोतोसारखं व्हायचंय म्हणून कॉलेज सोडून मुंबईला जातो. तुम्ही विचारलंय की हा हाशिमोतो कोण आणि या लायनीत पोट भरतं का.

आधी तो कोण ते सांगतो, कारण तुमच्या चिरंजीवांनी त्याची अर्धीच गोष्ट वाचलेली दिसतेय. जपानी पटकथाकार, 1918 चा जन्म, सैन्यात गेला, टीबी झाला आणि चार वर्षं सैनिकांच्या सॅनेटोरियममध्ये पडून. शेजारच्या खाटेवरच्या माणसाने सिनेमाचं एक मासिक दिलं, त्यात एक पटकथा होती, ती वाचून याला वाटलं एवढंच असतं होय, हे तर मीही लिहीन, आणि विचारलं की जपानात सगळ्यात भारी पटकथा कोण लिहितं. नाव कळलं मान्साकू इतामी. मग याने एक पटकथा लिहिली, त्यात जवळजवळ तीन वर्षं गेली, आणि सरळ इतामींना पाठवून दिली. त्यांचं उत्तर आलं, चुका दाखवणारं! तिथून शिकणं सुरू झालं. आणि हे होत असताना साहेब एका कंपनीत हिशेबाचं काम करत होते बरं का. अकाउंट्स! हे दाखवा त्याला.

पुढे अकुतागावा या जपानी लेखकाच्या कथेवरून लिहिलेलं स्क्रिप्ट दिग्दर्शक कुरोसावाकडे पोचलं, त्याचा 'राशोमोन' झाला, 1951 ला व्हेनिसच्या महोत्सवात गोल्डन लायन हे सर्वोच्च बक्षीस. तेव्हा हा 33 वर्षांचा. म्हणजे घाई कसली आहे?

मला त्याचा सगळ्यात आवडतो तो जेवणाचा किस्सा. एका सामुराईच्या आयुष्यातला एकच दिवस दाखवायचा असा सिनेमा ठरला होता, सकाळी उठण्यापासून शेवटी पोट चिरून घेण्यापर्यंत. शोधाशोधीत महिने गेले, पण त्या काळात सामुराई दुपारी डबा न्यायचे, वाड्यावरच जेवायचे की मुळात दोनदाच जेवायचे, हे काही नक्की होईना. झालं, याने कुरोसावाला सांगितलं हे होणार नाही. कुरोसावा भडकला, पण ते बारगळलं आणि त्यानंतर जे लिहिलं ते 'सेव्हन सामुराई', 1954. तिघे एका ठिकाणी मुक्काम ठोकून बसायचे, कुरोसावा आणि हा लिहायचे आणि हिदेओ ओगुनी बहुतेक वेळ वाचून नापास करायला. तुमच्या लेकाला असा नापास करणारा कोणी आहे का? मित्र 'भारी भाऊ' म्हणतात ते धरायचं नाही.

प्रोड्युसर तो फार उशिरा झाला. 'कॅसल ऑफ सँड'ची पटकथा वर्षानुवर्षं पडून होती, स्टुडिओ तयार होईना, शेवटी 1973 ला स्वतःची कंपनी काढली आणि पुढच्या वर्षी सिनेमा आणला. 1977 चा 'माउंट हाक्कोदा' तुफान चालला. मग 1982 ला स्वतः लिहून, स्वतः दिग्दर्शन करून एक काढला तो दणकून आपटला. हेही सांगा, नुसती बक्षिसं नको.

आता पोटाचं. नवख्या लेखकाला पैसे कमी आणि उशिरा मिळतात, खोटं कशाला बोलू. म्हणून बीकॉम पूर्ण करू दे. पुण्याच्या एफटीआयआय या सरकारी फिल्म संस्थेच्या पटकथेच्या कोर्सलाही पदवी लागतेच, आणि ज्याला बजेट वाचता येतं त्याला प्रॉडक्शनमध्ये कामाचा तोटा नसतो असं माझं मत. स्क्रिप्ट कुणाला दाखवण्याआधी मुंबईच्या स्क्रीनरायटर्स असोसिएशनकडे रजिस्टर करायची सवय मात्र आत्तापासून लावा.

वहीतल्या दोन पानांचे फोटो तुम्ही पाठवलेत ते बघितले. संवाद चांगले आहेत, पण सगळी माणसं एकसारखंच बोलतात, आजीसुद्धा. दिवाळीपर्यंत एक वीस पानांची गोष्ट शेवटापर्यंत लिहायला सांगा आणि माझ्याकडे पाठवा. तुम्ही वाचू नका हं ताई, तुम्हाला सगळं छानच वाटणार.