ओठ फुटू नयेत आणि खिडकीही ओली होऊ नये

प्रश्न : ताई, आम्ही मिनियापोलिसला राहतो. हीटिंग सुरू झालं की ओठ फुटतात, धाकट्याचा घोळणा फुटतो. ह्युमिडिफायर 50 टक्क्यांवर ठेवला, तर खिडक्यांवरून पाणी ओघळायला लागलं. नेमकी आर्द्रता किती ठेवावी?

उत्तर : तुमच्याकडच्या थंडीला 50 टक्के फार झाले. बाहेर उणे 20 अंश असताना हवेत बाष्प नावालाच असतं. तीच हवा घरात 21 अंशांपर्यंत तापली की तिची आर्द्रता 5 टक्क्यांवर किंवा त्याहूनही खाली येते, म्हणून सगळं कोरडं पडतं. पण काच थंडगार असते. हवा जास्त दमट केली की पाणी तिथेच जमतं, चौकट कुजते, बुरशी धरते.

म्हणून बाहेर उणे 20 असेल तर 25 टक्के, उणे 10 ला 35, शून्याच्या आसपास 40. काचेच्या खालच्या कडेला सकाळी पाणी दिसलं, की 5 टक्के कमी करा. मशीनवरच्या आकड्यावर विसंबू नका. साधा हायग्रोमीटर (आर्द्रता मोजायचं यंत्र) बिछान्याजवळ ठेवा, मशीनपासून लांब.

मी शिकागोत राहते, घरात मिरजेचा तंबोरा आहे. कोरड्या हवेत भोपळा तडकायची मला सतत धास्ती असते. तरी त्याच्यासाठी अख्खं घर दमट करत नाही; गवसणीत घालून हीटिंगच्या झरोक्यापासून दूर ठेवते.

ह्युमिडिफायर अल्ट्रासॉनिक (कंपनांनी पाण्याचे बारीक तुषार उडवणारा) असेल तर डिस्टिल्ड पाणीच घाला, नाहीतर फर्निचरवर पांढरी पूड बसते. टाकी रोज रिकामी करा. आणि रक्त वारंवार येत असेल तर मुलाला डॉक्टरांना दाखवाच.