शिवणीत सोडलेली माया

या महिन्याच्या सदरासाठी ‘शाळेचा गणवेश’ हा विषय दिला होता. आलेल्या पत्रांपैकी चार पत्रे, लिहिणाऱ्यांची नावे न देता, येथे थोडक्यात छापली आहेत. सदतीस वर्षे प्राथमिक शाळेत काढलेली शिक्षिका म्हणून मला जे ठाऊक आहे, ते उत्तरांत लिहिले आहे.

प्रश्न : माझा मुलगा एका खासगी शाळेत पाचवीत आहे. यंदा शाळेने गणवेशाचा रंग बदलला. रोजचे दोन जोड, खेळाचा एक, गटाच्या रंगाचा टी-शर्ट, बूट असे सगळे शाळेने सांगितलेल्या एकाच दुकानातून घ्यावे लागले आणि साडेसहा हजार रुपये गेले. गेल्या वर्षीचे दोन्ही जोड धडधाकट असून कपाटात पडून आहेत. टी-शर्ट घ्यायला आठवडाभर उशीर झाला, तेव्हा मुलाला प्रार्थनेच्या वेळी रांगेबाहेर उभे केले. तक्रार केली तर मुलावर राग निघेल, अशी भीती वाटते. (एक आई, कल्याण)

उत्तर : ताई, पैशांचा प्रश्न मोठा आहेच, पण आधी मुलाला रांगेबाहेर उभे केल्याविषयी लिहिते. शिक्षण हक्क कायदा, २००९ च्या कलम १७ नुसार मुलाला शारीरिक शिक्षा करण्यास आणि त्याचा मानसिक छळ करण्यास स्पष्ट मनाई आहे. साऱ्या शाळेसमोर एखाद्या मुलाला त्याच्या कपड्यांवरून वेगळे काढणे हा मानसिक छळ नाही, असे कोणी म्हणू नये. टी-शर्ट आणायला उशीर झाला तो मोठ्यांकडून. मान खाली घालावी लागली ती दहा वर्षांच्या मुलाला.

ही चूक नोकरीच्या चौथ्या वर्षी मी स्वतः केली आहे, म्हणून एवढ्या कळकळीने लिहिते. कोकणातली शाळा, पावसाळ्याचे दिवस. तिसरीतला एक मुलगा सलग दोन दिवस घरचा चौकड्यांचा सदरा घालून आला, तेव्हा ‘गणवेश घालून ये’ असे सांगून मी त्याला परत पाठवले. तो त्या दिवशी आला नाही, पुढचे तीन दिवसही आला नाही. चौथ्या दिवशी मी त्याच्या घरी गेले, तर चुलीच्या वरच्या दांडीवर त्याचा पांढरा सदरा वाळत टाकलेला होता. जोड एकच, पाऊस उघडत नव्हता, आणि धुराने कॉलरीवर पिवळी झाक चढली होती. त्याच्या आईने मला बसायला पाट दिला आणि ‘बाई, सुकला की लगेच धाडते’ एवढेच म्हणाली. त्या दिवसानंतर गणवेश नाही म्हणून मी एकाही मुलाला दाराबाहेर ठेवले नाही.

आता एकाच दुकानाच्या सक्तीविषयी. शाळांनी पुस्तके व गणवेश यांच्या विक्रीचा व्यवसाय करू नये, असे सीबीएसईने २०१७ मध्ये आपल्या संलग्न शाळांना बजावले होते. मंडळ कोणतेही असो, शाळेकडे तीन गोष्टी लेखी मागता येतात : कापडाचा नमुना आणि रंग सूचना फलकावर लावावा, त्याप्रमाणे कोठूनही कापड घेऊन शिवून घेण्याची मुभा असावी, आणि गणवेश बदलल्यास जुना गणवेश निदान दोन वर्षे चालवून घ्यावा. शाळेचे बोधचिन्ह हवे असेल तर ते सुटे द्यावे. घरी खिशावर टाचता येते. राग निघण्याची आपली भीती मी खोटी ठरवणार नाही, म्हणूनच एकटीने पत्र देऊ नका. राज्याच्या २०११ च्या शुल्क नियमन कायद्याने प्रत्येक खासगी शाळेत पालक-शिक्षक संघ आवश्यक केला आहे. आपल्याच वर्गातील दहा-बारा पालकांच्या सह्या घेऊन हा विषय त्या संघापुढे ठेवा, पत्राची पोच घ्या आणि पत्रात आपल्या मुलाचे नाव न घालता केवळ नियम मागा. तेथे काही हालले नाही, तर त्याच पत्राची प्रत शिक्षणाधिकाऱ्यांकडे देता येते.

अशाच आशयाचे एक पत्र शिक्षण हक्क कायद्यानुसार खासगी शाळेतील पंचवीस टक्के राखीव जागांवर प्रवेश मिळालेल्या मुलीच्या वडिलांचेही आले आहे. त्यांच्यासाठी एवढेच सांगते की, त्या कायद्याच्या केंद्राने केलेल्या २०१० च्या नियमावलीत अशा मुलांना पाठ्यपुस्तके, लेखनसाहित्य आणि गणवेश मोफत मिळण्याची तरतूद आहे. ‘फक्त फी माफ, बाकी तुमचे तुम्ही’ हे तोंडी उत्तर मान्य न करता त्यांनी ते शाळेकडून लेखी घ्यावे.

प्रश्न : आमच्या जिल्हा परिषद शाळेच्या व्यवस्थापन समितीत मी नव्याने आले आहे. गणवेशाची खरेदी आता समितीनेच करायची, असे मुख्याध्यापक सांगतात. राज्यभर एकच गणवेश येणार होता, तो का थांबला? आणि सहाशे रुपयांत दोन जोड बसवायचे कसे? आमच्या गावातील निम्मी घरे दिवाळीच्या सुमारास ऊसतोडीला जातात. (समिती सदस्या, बीड जिल्हा)

उत्तर : आपल्या पत्रातील ‘बसवायचे कसे’ हे शब्द मी दोनदा वाचले, कारण दर जून महिन्यात मीही याच हिशेबाला बसत असे.

सर्व शिक्षा अभियानात दोन जोडांसाठी वर्षाला ४०० रुपये मिळत. पुढे समग्र शिक्षा अभियानात ते ६०० झाले, म्हणजे एका जोडाला ३००. पहिली ते आठवीच्या सर्व मुली, अनुसूचित जाती-जमातींची मुले आणि दारिद्र्यरेषेखालील घरांतील मुले यांनाच हा गणवेश मिळत असे. त्यामुळे एकाच बाकावरच्या दोन मुलांपैकी एकाला नवा सदरा मिळे आणि दुसऱ्याला मिळत नसे. दुसऱ्याचा बापही मजुरीलाच जाई, पण यादीत नाव नसे. ज्या कपड्याने भेद झाकायचा, त्याच्याच वाटपातून तो वर्गात उघडा पडे. वाटप करताना मुलांच्या डोळ्यांकडे पाहणे मला जड जात असे. २०२३ मध्ये राज्याने उरलेल्या मुलांनाही योजनेत घेतले आणि सोबत बूट व पायमोजे देऊ केले, हा निर्णय मला आजही फार मोलाचा वाटतो.

पैसे पोचवण्याच्या रीतीत मात्र सारखी धरसोड झाली. २०१७ च्या सुमारास रक्कम विद्यार्थी आणि आई यांच्या संयुक्त बँक खात्यात जमा करण्याचे ठरले; पालकांनी आधी पदरच्या पैशाने गणवेश घ्यायचा, पावती द्यायची आणि मग रक्कम यायची. चारशे रुपयांसाठी खाते उघडायला मजुरी बुडवून तालुक्याला खेपा घालाव्या लागल्या, तेव्हा कित्येक आयांनी तो नादच सोडला. पुढे २०२४-२५ साठी ‘एक राज्य, एक गणवेश’ ठरले. कापड राज्य पातळीवर घ्यायचे आणि शिलाई महिला आर्थिक विकास महामंडळाच्या बचत गटांनी करायची, अशी ती योजना होती. बायकांच्या हाताला काम मिळावे, हा त्यामागचा विचार चांगलाच होता. पण मूल एका गावी, कापड दुसऱ्या गावी आणि शिलाई यंत्र तिसऱ्या गावी, अशी गत झाली. शाळा जूनमध्ये भरली आणि अनेक ठिकाणी गणवेश कित्येक महिने पोचले नाहीत. जेथे पोचले, तेथे मापे चुकल्याच्या तक्रारी आल्या. अखेर डिसेंबर २०२४ मध्ये शासनाने निर्णय बदलला आणि २०२५-२६ पासून खरेदीचे अधिकार पुन्हा शाळा व्यवस्थापन समित्यांना दिले.

म्हणून आपली जबाबदारी मोठी आहे, आणि ती आपल्याला पेलेल. कायद्याने या समितीत तीन चतुर्थांश सदस्य पालक आणि निम्म्या महिला असतात; मुलाचे अंग कसे वाढते, हे त्यांच्याइतके कोणाला कळते? केंद्रप्रमुखांना मध्ये घेऊन शेजारच्या पाच-सहा शाळांचा रंग एकच ठेवा आणि कापडाचे तागे एकत्र घ्या, म्हणजे घाऊक भाव मिळेल आणि शाळा बदलणाऱ्या मुलाचा गणवेशही वाया जाणार नाही. व्यापाऱ्याकडून वीतभर तुकडा आणून घरी दोनदा धुवा. कापड आटते का आणि रंग जातो का, हे तेवढ्यात कळते. निव्वळ पॉलिस्टर स्वस्त पडते, पण आपल्याकडच्या मार्चच्या उन्हात ते अंगाला चिकटते. सुताचा अंश जास्त असलेले कापड निवडा. शिलाई गावच्या शिंप्याकडे किंवा बचत गटाकडे द्या, आणि माप इयत्तेवरून न ठरवता प्रत्येक मुलाला समोर उभे करून फितीने घ्यायला लावा. पहिली-दुसरीच्या मुलांना कमरेला इलॅस्टिक हवे. हूक काढता येत नाही म्हणून चड्डीत लघवी झालेली आणि दिवसभर कोपऱ्यात बसून राहिलेली मुले मी पाहिली आहेत. आणि मुलींच्या गणवेशाला खिसा अवश्य ठेवा.

एक गोष्ट शिंप्याला मुद्दाम सांगा. शिवणीच्या आत जास्तीचे कापड सोडतात, त्याला शिंपी ‘माया’ म्हणतात. सदऱ्याच्या बाजूंना बोटभर माया आणि पँटच्या पायाला चार बोटे दुमड ठेवली, तर वाढत्या अंगाचा तो जोड दुसऱ्या वर्षीही चालतो. जूनच्या पहिल्या आठवड्यात मुले दुमड उसवून आलेली असत. बाकीची पँट विटून फिकी झालेली आणि खाली तेवढीच चार बोटांची नव्यासारखी गडद पट्टी. कोणाचे अंग वर्षात किती वाढले, ते त्या पट्टीवरून कळत असे. कापड वाचवून शिवलेल्या तयार गणवेशात ही माया बहुधा नसते, आणि आठ महिन्यांत तो अंगाला होत नाही.

ऊसतोडीला जाणाऱ्या घरांतील मुलांचे जोड सर्वांत आधी शिवून घ्या आणि दोन्ही जोड त्यांच्याबरोबर जाऊ द्या. ती मुले कारखान्याच्या परिसरातील शाळेत बसली, तर तेथे वेगळ्या रंगासाठी अडवू नये, असे मुख्याध्यापकांचे पत्र त्यांच्या हाती द्या. जी मुले मागे हंगामी वसतिगृहात राहतात, त्यांचे कपडे धुतले जातात का, तुटलेले बटण कोण लावते, हे समितीतील एखाद्या ताईने आठवड्यातून एकदा जाऊन पाहावे.

प्रश्न : गणवेशाने समानता व शिस्त येते, असे आम्ही शिक्षक वर्षानुवर्षे सांगत आलो. याला काही आधार आहे का? (एक शिक्षक, चंद्रपूर)

उत्तर : आपण समजतो तेवढा नाही. अमेरिकेत कॅलिफोर्नियातील लाँग बीचच्या सार्वजनिक शाळांनी १९९४ मध्ये गणवेश सक्तीचा केला, गैरवर्तन घटल्याचे सांगितले गेले, आणि १९९६ मध्ये अध्यक्ष क्लिंटन यांनी स्वतः गणवेशाचा पुरस्कार केला. पण डेव्हिड ब्रन्स्मा आणि केरी ॲन रॉकेमोर या समाजशास्त्रज्ञांनी १९९८ मध्ये देशभरच्या दहावीच्या विद्यार्थ्यांची माहिती तपासली, तेव्हा हजेरी किंवा वर्तन यांवर गणवेशाचा थेट परिणाम त्यांना आढळला नाही. दुसरीकडे केनियात गरीब मुलांना गणवेश मोफत देऊन पाहिला, तर गैरहजेरी चांगलीच घटली, आणि ज्यांच्याकडे आधी गणवेशच नव्हता त्यांची सर्वांत जास्त घटली. पुढील वर्षांत तो लाभ टिकून राहिला नाही, हेही त्याच संशोधकांनी नोंदवले आहे.

या दोन्हींवरून मी असा अर्थ काढते की, सर्वांचा रंग एक झाल्याने फार काही घडत नाही; घरावरचा खर्च आणि मुलाच्या मनातील लाज कमी झाली की ते शाळेत येते. कोण कोणत्या घरचे, हे मुले बुटांवरून, डब्यावरून आणि दप्तराच्या चेनवरून क्षणात ओळखतात. आपल्या चंद्रपुरात एप्रिलमध्ये पारा चाळिशी ओलांडतो, तरी टाय आणि बुटांचा हट्ट धरणाऱ्या शाळा आहेत. शिस्तीच्या नावाखाली मुलांना असे घामाघूम करू नये, एवढे तरी आपण आपल्या शाळेत ठरवू शकाल.

प्रश्न : मी नववीत आहे. आमच्या शाळेत मुलींना पांढरी सलवार आणि पांढरी ओढणी सक्तीची आहे. पाळीच्या दिवसांत डाग पडेल या भीतीने मी फळ्याजवळ जात नाही, खो-खोलाही जात नाही. आईला सांगितले, पण शाळेत बोलायची तिला लाज वाटते. (एक विद्यार्थिनी, नाशिक)

उत्तर : बाळ, तू हे लिहिलेस, हे फार बरे केलेस. यात तुझे काही चुकलेले नाही; पांढरी सलवार ठरवताना तुझा विचार कोणी केला नाही. माझ्या शाळेतही वरच्या वर्गांतील मुली महिन्यातून दोन-तीन दिवस गैरहजर राहत, आणि त्याचे कारण हजेरीपत्रकात ‘आजारी’ असे लिहिले जाई.

हा बदल होऊ शकतो. केरळमध्ये एर्नाकुलम जिल्ह्यातील वलयनचिरंगरा येथील सरकारी प्राथमिक शाळेने २०१८ मध्येच मुलगे व मुली सर्वांसाठी शर्ट आणि गुडघ्याखाली येणारी पँट असा गणवेश केला. कोळिकोड जिल्ह्यातील बालुसेरीच्या मुलींच्या शाळेत डिसेंबर २०२१ मध्ये अकरावीच्या मुलींसाठी शर्ट-पँट आली. काहींनी विरोध केला, तरी मुली तो गणवेश घालून शाळेत गेल्या. तुमची मागणी तर त्याहून लहान आहे : सलवार तीच, फक्त रंग गडद निळा किंवा करडा.

वर्गातल्या चार-पाच मैत्रिणींना सोबत घे, तुम्हांला जवळच्या वाटणाऱ्या बाईंना मधल्या सुट्टीत भेटा आणि मुख्याध्यापकांच्या नावाने अर्ज द्या. आईला शाळेत यायचा संकोच वाटत असेल, तर तिची अर्जावर सही पुरे. शाळेचा निर्णय व्हायला वेळ लागेल, म्हणून एक मागणी त्याच दिवशी करा : मुलींच्या खोलीतील कपाटात दोन-तीन मापांच्या गडद सलवारी आणि पॅड ठेवावेत, आणि किल्ली बाईंकडे न राहता मुलींपैकीच एकीकडे असावी. अर्ज कसा लिहायचा, हे कळले नाही तर मासिकाच्या पत्त्यावर मला पुन्हा पत्र पाठव. मसुदा मी लिहून देईन.